निमकरकाकांची क्रांती

निमकरकाका डॉक्युमेंटरी उभ्यानं बघतात. उभ्यानं म्हणजे, टीव्ही आणि आपण यांच्यामध्ये येरझारा घालत. "जनता बसून राहिली की संपलं!" हे त्यांचं लाडकं वाक्य, आणि ते नेमकं सोफ्यावर बसलेल्या माणसाकडे बघून म्हणायचं.

जगात कुठेही लोक रस्त्यावर उतरले की इकडे परदेशातल्या आमच्या रिकार्टन उपनगरात काकांचा रक्तदाब वाढतो. कोपऱ्यावरच्या डेअरीत दूध आणायला गेले तरी काउंटरवरच्या पोराला इथल्या माओरी पद्धतीनं "किया ओरा" असा नमस्कार करून थेट सुदानवर येतात. तो बिचारा "स्वीट अ‍ॅज", म्हणजे इथलं 'बरं बरं', म्हणतो. काकांना वाटतं, पाठिंबा मिळाला.

हेच काका इथल्या मोठ्या भूकंपाच्या वर्षापासून, म्हणजे कितीतरी वर्षं, आमच्या मराठी मंडळाचे अध्यक्ष होते! निवडणुकीचा विषय निघाला की, "अरे, कामं करू द्या आधी!" म्हणत सतरंज्या झटकायला लागत.

सुदानमध्ये उठाव झाला त्या वर्षी कोजागिरीला त्यांनी अंताक्षरी रद्द केली आणि हॉलमध्ये त्या उठावाची डॉक्युमेंटरी लावली. लोक आधी कुरकुरले, मग चक्क गुंतले. वर्षानुवर्षं सत्तेला चिकटलेला तो नेता, भाकरी महागली म्हणून बाहेर पडलेली माणसं, घोषणा देणाऱ्या बायका. काका प्रोजेक्टरसमोरून सतत फिरत असल्यामुळे अर्धी क्रांती आम्ही त्यांच्या सदऱ्यावरच पाहिली.

संपल्यावर मसाला दूध ढवळता ढवळता वर्षाताईंनी विचारलं, "काका, आपल्या मंडळाची शेवटची निवडणूक कधी झाली हो?"

"बरोब्बर प्रश्न!" काका अजून सुदानच्या राजधानीत, खार्टूममध्येच होते. "बदल कुणाकुणाला हवाय? हात वर!"

सगळ्यात आधी त्यांचाच हात वर गेला. तो खाली घ्यावा हे लक्षात येईपर्यंत हॉलभर हात झाले होते. तिथल्या तिथे निवडणूक झाली आणि वर्षाताई अध्यक्ष झाल्या. काकांनी टाळ्या वाजवल्या, जरा जास्तच वेळ.

सगळे पांगल्यावर मी त्यांच्याकडे हॉलची किल्ली मागितली. मी सेक्रेटरी, ते काम माझ्याच गळ्यात. काकांनी ती खिशातून काढली, पण दिली नाही.

"अध्यक्षपद घ्या रे खुशाल. किल्ली तेवढी राहू दे माझ्याकडे. ही गेल्यापासून माझा फोन वाजतो तो 'काका, हॉल उघडाल का?' एवढ्यासाठीच."

मी वाद घालायच्या तयारीत होतो. पुढे केलेला हात मागे घेतला.

"राहू दे," मी म्हणालो. "शनिवारी वर्षाताई फोन करतील तुम्हाला."

"किती वाजता?" काकांनी विचारलं.