कोर्टाने खुर्च्यांचं नाव काढलं नव्हतं!

कायद्यात फट शोधावी तर ती आपणच, असं क्लबच्या सेक्रेटरींचं स्वतःबद्दल ठाम मत होतं. वकील नव्हते हो! जन्मभर चष्मे विकले. पण बोलताना 'कलम', 'पोटकलम' असं काही फेकायचे, की समोरच्याला उगाच आपल्याच हातून काहीतरी घडलंय असं वाटावं!

भांडण साधंच होतं. अध्यक्ष पत्ते पिसताना खालचं पान बघतात, हे सेक्रेटरींचं म्हणणं. म्हणून त्यांनी पत्त्यांच्या खोलीला कुलूपच ठोकलं! अध्यक्ष तणतणत कोर्टात गेले. जजसाहेबांनी हुकूम दिला, कुलूप काढा आणि सगळ्या सभासदांना आत जाऊ द्या.

सेक्रेटरींनी निमूटपणे कुलूप काढलं. आणि आतल्या झाडून सगळ्या वेताच्या खुर्च्या टेम्पोत घालून घरी नेल्या!

"आत जाऊ द्या म्हणाले, जाऊ दिलं," त्यांनी आपल्या वकिलाला फोनवर ऐकवलं. "बसू द्या म्हणाले का?"



"काका," वकील म्हणाला, "तुम्ही चष्म्याचं दुकान का बंद केलंत हो?"

संध्याकाळी अध्यक्ष डाव टाकायला आले, तर टेबलाभोवती मंडळी उभी! शोकसभेला जमल्यासारखी! झालं, कोर्टाच्या अवमानाचा अर्ज पडला.

"खुर्च्या कुठे आहेत?" जजसाहेबांनी विचारलं.

"साहेब, हुकुमात खुर्च्यांचा उल्लेख..."

"बिनशर्त माफी मागा."

"मागतो ना साहेब! पण..."

"पण नको."

"बरं. तरीसुद्धा..."

वकिलाने डोळे मिटून घेतले. जजसाहेब म्हणाले, "जेवणाच्या सुट्टीनंतर खुर्च्या जागेवर असल्याचं सांगायला या. नाहीतर सरळ तुरुंगात!"

सेक्रेटरी धापा टाकत घरी पोचले. गॅलरीत खुर्च्यांच्या जागी नुसते टॉवेल!

"अगं, खुर्च्या कुठायत?"

"दिल्या, आणल्यात त्याच्या दुसऱ्याच दिवशी. तुमचं लक्ष असतं कुठे?"

"कोणाला?"

"तुमच्या अध्यक्षांच्या बायकोला. पाहुणे येणार होते त्यांच्याकडे. आणि मी कपडे वाळत घालायचे कुठे, तुमच्या डोक्यावर?"

"अगं, त्याच खुर्च्यांसाठी तो माणूस मला आत टाकतोय!"

"भांडण तुमचं. आम्हा दोघींचं काय बिघडलंय?"

"आणि त्याला ओळखू नाही आल्या?"

"कशा येतील? फुलाफुलांच्या खोळी शिवून दिल्यात मी!"

सेक्रेटरींचा घाम जागच्या जागी वाळला. फट सापडली! ते तसेच उलटपावली कोर्टात.

"साहेब! खुर्च्या यांच्याच घरी आहेत! माझ्याविरुद्धचा अर्ज यांनी त्यांच्यावरच बसून लिहून घेतला!"

अध्यक्षांचा चेहरा पडला. त्यांच्या वकिलाचा तर जास्तच. तोही बसला होता.

जजसाहेबांनी चष्मा काढला. "म्हणजे प्रकरण चालू असताना तुम्ही खुर्च्या आणखी एका घरी पाठवल्या?"

"मी नाही साहेब, बायकोने!"

"असं? मग बोलवू त्यांना इथे?"

"माफी साहेब! बिनशर्त!" सेक्रेटरी एका दमात म्हणाले. त्यात 'पण' नव्हतं, 'तरीसुद्धा' नव्हतं, मध्ये श्वाससुद्धा नव्हता!

"तुरुंग वाचला," जजसाहेब म्हणाले. "आता दोघांनी मिळून खुर्च्या पोचवायच्या. स्वतःच्या हातांनी!"

भर रस्त्यातून दोन म्हातारे डोक्यावर फुलाफुलांच्या खुर्च्या घेऊन खेपा घालत होते. एकमेकांना शिव्या घालायचंही त्राण उरलं नव्हतं. शेवटची खुर्ची खोलीत टेकवली आणि दोघेही तिथेच धपकन बसले.

उभ्याने डावात रंगलेली मंडळी एकदम मागे सरली.

"अरे, या कशाला परत आणल्यात?" एक जण ओरडला. "ढेकूण कायमचे गेले म्हणून आम्ही किती खूश होतो!"

सेक्रेटरींनी अध्यक्षांकडे पाहिलं. अध्यक्ष मान खाजवत होते.

"तुमच्याकडेही?" सेक्रेटरींनी विचारलं.

"गादीत शिरलेत," अध्यक्ष पुटपुटले. मग जवळ सरकून हळूच म्हणाले, "घरी कोण सांगणार?"