कुलपात राहिलेली चावी

आमच्या उदगीरच्या मोंढ्यात, म्हणजे धान्याच्या बाजारात, शिवप्पा आडत्यांइतका संशयी माणूस दुसरा नसेल. घरात साखरेच्या डब्यालासुद्धा कुलूप, आणि सगळ्या चाव्या करदोड्याला. अप्पा चालायला लागले की बैलजोडी आल्यासारखं वाटतं. कुलपाजवळ चावी ठेवणारा माणूस दारात उभा करू नये, हे ते मला माझ्याच दुकानात बसून ऐकवतात.

माझं दुकान कॉम्प्युटर दुरुस्तीचं. गेल्या महिन्यात अप्पा मुलीचं, गौरीचं, हातात धरून खेळायचं गेमचं यंत्र घेऊन आले. पडदा गेलेला. तिचा खेळ घरच्या कॉम्प्युटरवर चालू करून दे म्हणाले, तेही दिवाळीच्या आत. त्याला एम्युलेटर लागतो, म्हणजे कॉम्प्युटरनं त्या यंत्राचं सोंग घ्यायचं. पण खेळ कुलूपबंद असतो. यंत्रातूनच काढलेली चाव्यांची फाईल एम्युलेटरच्या फोल्डरात असली तरच तो उघडतो.

दोन दिवस खपून, यंत्रातला तिचा जुना खेळ उतरवून, सगळं बसवलं. तिसऱ्या दिवशी सकाळी अप्पांचा फोन, चालंना. जाऊन बघतो तर चाव्यांची फाईल गायब. परत ठेवली, परत गायब. आठवडाभर मी अँटीव्हायरसला शिव्या घालून राहिलो. शेवटी कळलं, रोज संध्याकाळी अप्पाच ती फाईल पेनड्राइव्हवर हलवायचे आणि पेनड्राइव्ह करदोड्याला बांधायचे. अख्ख्या कॉम्प्युटरमधलं माणूस नेमकं एवढंच शिकलं होतं!

"अप्पा, ती फाईल तिथंच असावी लागते."

"कुलपात चावी ठिवून झोपतंय व्हय कुणी?"

असल्या माणसापुढं काय डोकं फोडायचं? वैतागून मी म्हणालो, या वयात खेळायचंय तरी कशाला?

अप्पांनी खाली बघत सांगितलं. गौरी लातूरला बारावीच्या क्लासला होती, तेव्हा त्यांनीच हे यंत्र कपाटात कोंडलं. ती रडली, यांनी चावी दिली नाही. डॉक्टर काही झाली नाही, पुण्याला नोकरीला गेली, आणि दोन वर्षांत घरी फिरकली नाही. यंदा दिवाळीला येते म्हणालीय.

मी फाईल परत ठेवून अप्पांसमोरच खेळ उघडला. गौरीनं तिथं एक छोटं गाव वसवलं होतं. तिच्या घराला लागूनच दुसरं घर, दारावर पाटी 'अप्पा'.

दुसऱ्या दिवशी फोन आला नाही. त्याच्या दुसऱ्या दिवशीही नाही. राहवेना म्हणून गेलो. खेळ चालू होता, फाईल जागेवर होती, करदोड्याला पेनड्राइव्ह नव्हता.

"आज काढली न्हाई, अप्पा?"

"ऱ्हाऊ दे तितंच," ते म्हणाले. "पोरगी आली तर तिला परत चावी मागाया लागू नये."