चन्नाप्पांचं नाचतं ध्यान

"डोळं मिटा, मग बघा," असं सांगणारा माणूस मी आयुष्यात एकच पाहिला. चन्नाप्पा. कळंबला त्यांचं रेडिओ दुरुस्तीचं दुकान होतं. समोरच्या दूध संस्थेत मी कारकून. आमच्या घराण्यातला पहिला बी.ए., त्यामुळं कुठल्याही गोष्टीचं कारण विचारायची मला खोड.

मोडक्या रेडिओंच्या पोटातलं सामान जोडून चन्नाप्पांनी एक डबा केला होता. बटण दाबलं की तो धुम्म धुम्म ठोके द्यायचा, मधेच टुंई करायचा. त्यावर शिवनामाचा जप भरून त्यांनी कॅसेट काढली, 'नाचतं ध्यान'. ध्यान बसून करतात, असं कुणी म्हटलं की विचारायचे, "महादेवानं तांडव काय बसून केलं व्हय?"

कॅसेटसाठी त्यांनी संस्थेचा मोठा स्पीकर मागून नेला होता. एका सकाळी तो आमच्याच ओट्यावर आणून लावला. दुष्काळानं दूध आटलेलं, रांग मात्र तेवढीच. सगळ्यांना डोळे मिटायला लावले. जपानं माणसं गंभीर झाली, ठोक्यानं पाय हलायला लागले. मारुतीमामांनी तर मिटल्या डोळ्यांनीच गिरकी घेतली आणि किटलीतलं दूध चेअरमनच्या धोतरावर.

चेअरमननी बजावलं, जप ठेवा, ठोके काढा, न्हायतर स्पीकर परत करा. एरवी गरीब गाय असलेले चन्नाप्पा हटून बसले.

"एकवेळ जप काढीन. ठोका न्हाय."

गळ्यात शिवलिंग बांधणारा लिंगायत माणूस जप सोडायला तयार आणि ठोका नाही, हे काही मला उलगडेना.

संध्याकाळी स्पीकर आणायला मलाच धाडलं. घरात त्यांची आई स्पीकरला दोन्ही तळहात लावून बसली होती. मठातल्या भजनात ही बाई वर्षानुवर्षं पुढं असायची. तापात कान गेले, तेव्हापासून तिनं मठाची पायरी चढली नव्हती. आता डोळे मिटून, हाताला लागणाऱ्या ठोक्यावर ती स्वतःच जप म्हणत होती. एकही मात्रा चुकत नव्हती.

मला बघून चन्नाप्पा वायर सोडवायला वाकले. तेवढ्यात म्हातारी तशीच डोळे मिटून म्हणाली, "चन्ना, आज लई घाई करायलास. जरा दमानं."

त्यांनी वायर तशीच राहू दिली आणि डब्याचं बटण हळूच मागं फिरवून ठोका संथ केला.

दुसऱ्या दिवशी मी चेअरमनना सांगितलं, स्पीकरचा पडदा फाटलाय, चन्नाप्पांकडंच दुरुस्तीला ठेवलाय. किती दिवस लागतील, त्यांनी विचारलं.

"लई दिवस लागतील," मी म्हणालो.