नाव बसवणारा हरेश्वर

आमच्या इमारतीतले अण्णा गेले तेव्हाची गोष्ट. खाली तिरडी बांधणं चाललं होतं, बायका रडत होत्या, आणि तेवढ्यात अण्णांच्या जावयाचा मोबाइल वाजला. हळदीचं गाणं, तेही पूर्ण आवाजात. बिचारा जावई ओशाळून खिसा चाचपायला लागला, तर गर्दीतून हरेश्वर पुढे आला आणि त्याने जावयाचं मनगटच धरलं.

"थांब. उचलू नको."

सगळ्यांना वाटलं, काही अपशकुन वगैरे असेल. तिरडी बांधणारेही थांबले. मग गाण्यात कुठेतरी गिटारची तार टुणकन वाजली आणि हरेश्वर म्हणाला, "हा. हा मी." मनगट सोडलं. "आता उचल."

हे असलं ध्यान गेली कित्येक वर्षं माझ्या गळ्यात पडलंय. बोईसरला हार्डवेअरच्या दुकानावर माझा रेकॉर्डिंगचा स्टुडिओ आहे. स्टुडिओ म्हणजे एक खोली आणि भिंतींना ठोकलेल्या गाद्या. हरेश्वर तिथे गिटार वाजवतो. मूळचा सातपाटीचा. भाऊ अजून बोटीवर जातात. याला समुद्राची भीती नाही, पण पहाटे उठायचा कंटाळा, म्हणून हा कलावंत झाला.

स्वतःला 'सेशन आर्टिस्ट' म्हणवतो. ज्यांना ठाऊक नाही त्यांच्यासाठी सांगतो: गाणं दुसऱ्याचं, आवाज तिसऱ्याचा, आणि मध्ये याने यायचं, आठ-दहा सेकंद खाजवल्यासारखं वाजवायचं आणि निघायचं. एवढ्यावर गडी अर्ध्या हळकुंडाने पिवळा. "गायला काय, कोन पन गाईल. गान्याचा जीव गिटारीत हाय," असं प्रत्यक्ष गायकालाच ऐकवतो. शिवाय दर वेळी माझ्या डोक्याशी भुणभुण असतेच: "गिटार वर घे."

"अरे, वर घेतली तर नवरीचं नाव ऐकू येणार नाही."

"नवरी काय, उद्या मांडवात दिसेलच."

मध्येच कारखान्याचा भोंगा वाजला आणि रेकॉर्डिंगचा टेक फुकट गेला, तर हा भोंग्याला शिव्या देत नाही, भोंगा बेसूर आहे म्हणून शिव्या देतो.

गीतकार ही साहेबांची दुसरी पदवी. आमच्याकडे किनाऱ्याच्या गावांत हळदीला नावाचं गाणं लागतं. नवरा, नवरी, त्यांचे आईबाप, गाव, जमलं तर बोटीचंही नाव. हरेश्वर ही गाणी लिहितो म्हणे. लिहितो कसला? एकच गाणं आहे, नावं तेवढी बदलतात. सातपाटी काढून मुरबे टाकायचं, मुरबे काढून माकुणसार. पण रुबाब असा की जणू वेद लिहितोय. एकदा एमआयडीसीतला एक ठेकेदार हौसेने मुलाच्या हळदीचं गाणं करून घ्यायला आला. मुलाचं नाव मिथिलेशकुमार. "नाम थोड़ा लंबा है, बैठेगा?" त्याने भीत भीत विचारलं. "बैठेगा नय तो जायेगा किधर?" हरेश्वर म्हणाला, आणि खरंच दाबून, चेपून, डब्यात बोंबील कोंबावेत तसा तो मिथिलेशकुमार त्याने चालीत कोंबला.

नवरेपणाही या माणसाने सेशनसारखाच केला. बोलावलं की घरी जायचं, आपला तुकडा वाजवायचा आणि निघायचं. पोरगी तापाने फणफणली होती तेव्हा हा माझ्याकडे बसून "एक टेक हाय, आलोच," असं फोनवर सांगत होता. तो टेक संध्याकाळपर्यंत चालला. शेवटी बायको कंटाळली आणि मानसीला घेऊन मुरब्याला भावाकडे गेली ती गेलीच. मामाने पोरगी वाढवली, शिकवली, पालघरला नोकरीला लावली. आणि हा बापमाणूस चहाच्या टपरीवर सगळ्यांना सांगायचा, "मानसीच्या हळदीला मी हायेच. पोरगी बोलवल्याशिवाय राहनार नाय." वर्षं लोटली, पोरीने एक फोन केला नाही. टपरीवाल्यालासुद्धा हसू यायचं.

मग या वर्षी मानसीचं लग्न ठरलं. मला कळलं ते कसं, तर तिचा मामाच गाणं करून घ्यायला माझ्याकडे आला. "वडलांच्या जागी माझं नाव टाका," म्हणाला. "मीच वाढवलीय तिला." यात चूक काय होती? टाकलं. गिटारला पालघरचा एकजण सांगितला होता, त्याने ऐनवेळी टांग दिली. राहता राहिला हरेश्वर. मी त्याला काही न सांगता बोलावलं. म्हटलं, टपरीवर फार बोलतोस, आता बघू.

त्याने हेडफोन लावला. गाण्यात मानसी आली, मुरबे आलं, बापाच्या जागी मामा आला. मी काचेतून बघत होतो. आता हा उठणार, आरडाओरडा करणार, याची तयारी ठेवली होती.

"परत लाव," एवढंच म्हणाला.

दुसऱ्यांदा ऐकलं आणि वाजवलं. गिटार वर घे म्हणाला नाही. आणि जिथे जिथे मानसीचं नाव येत होतं तिथे तिथे तारांवरून हात उचलत होता.

"तिथे का थांबतोस रे?"

"नाव ऐकू येऊ दे," म्हणाला. चहा न घेता गेला.

रात्री गाणं मामाच्या मोबाइलवर पाठवलं. दुसऱ्या दिवशी फोन आला. मानसीचा.

"काका, गिटार बाबांची हाय ना?"

मी म्हटलं, "तुला कसं कळलं?"

"माझं नाव आलं की थांबलेत. मी लहान असताना घरी वाजवत बसायचे, मी काय बोलले की असेच थांबायचे." मग म्हणाली, "वडलांच्या जागी त्यांचं नाव टाका. मामाला मी सांगितलंय. त्याचं मामाच्या जागी टाका."

मी हरेश्वरला बोलावून घेतलं आणि सगळं सांगितलं. वाटलं, आता हा बोईसरभर मिरवणार. तर तो खुर्चीत बसला आणि गिटारची खुंटी पिळत राहिला.

"माझं नाव चालीत बसत नाय," म्हणाला.

"काय?"

"हरेश्वर. जड हाय. त्या जागेवर हलकं नाव लागतं."

"अरे गाढवा, मागच्या महिन्यात तिथेच मोरेश्वर बसवलास."

एवढा तोंडाळ माणूस, पण त्याला तोंड वर करता येईना. खुंटीकडे बघतच म्हणाला, "नुसतं नाव टाकायचं हाय, की बोलावनं पन हाय? तेवढं विचार तिला. मी विचारलं म्हनून सांगू नको."

मला एवढा राग कधी आला नव्हता त्याचा, आणि एवढी दयाही. फोन लावला आणि सरळ म्हटलं, "मानसी, तुझा बाप इथे बसलाय. विचारतोय, हळदीला येऊ का?"

हरेश्वर भिंतीकडे तोंड करून उभा राहिला. पलीकडून कुणाचे तरी हसण्याबोलण्याचे आवाज येत होते. मग मानसी उठून बाजूला गेली असावी, कारण ते बंद झाले.

"या म्हनावं," ती म्हणाली. "पन गिटार घेऊन येऊ नका म्हनावं. पाटाजवळ बसायचंय त्यांना."

फोन स्पीकरवरच होता. हळदीला अजून आठवडा होता. तरी त्या खुळ्याने गिटार तिथल्या तिथे माझ्या कोपऱ्यात उभी करून ठेवली आणि रिकाम्या हातांनी जिना उतरला.