युवराजांचे गुटींत अभयखडा उगाळिला त्याचें वर्तमान

॥ श्री ॥ कुलदेवतेस वंदन करोन, आणि ऐकणारांचीं लेंकरें सुखी असोत ऐसें चिंतोन, जैसें घडलें तैसें येथें लिहिलें असे.

शके चौदाशें चौऱ्याहत्तर, परिधावी नाम संवत्सरीं, वैशाख मासीं, राज्याचे उत्तरेकडील माळावर भर दुपारीं आकाशांतून दगड पडला. मूठभर, निळसर, उन्हांतही थंडगार. पाण्यांत टाकिला तर तरंगे आणि दुधांत टाकिला तर बुडे, यावरोन हा इहलोकींचा नव्हे ऐसें शास्त्रीबोवांनीं ठरविलें. मग एका धनगराची बकरी तो दगड चाटून लांडग्यासमोर रवंथ करीत उभी राहिली, आणि लांडगाच गोंधळून निघोन गेला. वर्तमान हुजुरांस कळलें, दगड दरबारीं आणविला, बुजरे घोडे त्याचें उगाळ चाटतांच पुलावरोन डौलानें गेले, आणि सर्वांनीं त्यास अभयखडा ऐसें नांव ठेविलें.

ते समयीं भुजंगराव महाराज राज्य करीत होते, आणि त्यांची राणी मैनाबाईसाहेब यांस पहिला पुत्र होऊन सात महिने जाहले होते. युवराज गोरेगोमटे, परंतु भित्रे. नगारा वाजला कीं दचकावें, परकें माणूस दिसलें कीं आईचे पदरांत तोंड लपवावें, आणि आई उठली कीं रडून महाल डोक्यावर घ्यावा. महाराजांस याची फार लाज वाटे. मग राजवैद्य धुंडिराजपंत यांनीं सल्ला दिला कीं रोजचे गुटींत हिरडा, वेखंड, मुरडशेंग उगाळितां, त्याबरोबर या खड्याचाही एक वळसा द्यावा. महाराजांच्या मातोश्री, ज्यांस सर्व मासाहेब म्हणत, त्या नातवास गुटी नित्य आपले हातें देत. त्यांनीं दुसरे दिवशीं न्हाऊ घातल्यावर खडा उगाळिला, बोटानें चाटविला, आणि बोटास राहिलेली गुटी, जैसी सर्व आज्या करितात तैसी, आपण चाटोन टाकिली.

आणि काय सांगावें, युवराजांचें रडणें थांबलें. नगाऱ्याशीं निजूं लागले, कोणीही उचलिलें तरी हंसूं लागले, आणि सर्व म्हणों लागले कीं ऐसें गुणी मूल पाहिलें नाहीं. महाराज दरबारीं मिशांस पीळ देऊन म्हणाले, माझा वाघ आहे, आणि साऱ्या फौजेस खडा चाटवावा ऐसें बोलणें चाललें. एक मैनाबाईसाहेब मात्र उगी होत्या. त्या खोलीबाहेर जात, दाराआडून पाहात, तर मूल दाराकडे मान वळवीत नसे. दासींनीं आपसांत म्हणावें कीं बाईसाहेबांस रडलें तरी काळजी आणि न रडलें तरी काळजी.

पुढें एके सकाळीं धुरीची शेगडी पेटली होती, ओवा टाकिला होता, आणि युवराज रांगत जाऊन निखाऱ्यास हात लाविते जाहले. चटका बसला, डोळ्यांस पाणी आलें, आणि तोच पोळलेला हात त्यांनीं पुन्हा पुढें केला. राणीसाहेबांनीं झडप घालोन उचलिलें. मासाहेब जवळच बसल्या होत्या, त्या हलल्या नाहींत.

राणीसाहेब म्हणाल्या, "मासाहेब, शेगडी आपण कोपऱ्यांत ठेवीत होतां. वरतीं जाळी घालीत होतां."

"राहूं दे गं," मासाहेब म्हणाल्या, "काय होतंय?"

पांच लेंकरें वाढविलेल्या बाईनें जन्मांत हे शब्द उच्चारिले नव्हते. कोणी शिंकलें तरी त्या सुंठ शोधीत. तेव्हां राणीसाहेबांची नजर त्यांचे बोटाकडे गेली, आणि सर्व उमगलें. आतां या महालांत भिणारी आपण एकटीच उरलों. मग त्यांनीं गोड बोलोन विनंती केली कीं उद्यांपासोन गुटी मी उगाळीन. एऱ्हवीं यावरोन महाभारत व्हावयाचें. परंतु मासाहेब खड्याचे अंमलांत होत्या, म्हणाल्या, उगाळ. राणीसाहेबांनीं हिरडा उगाळिला, वेखंड उगाळिलें, आणि खडा पदराखालीं ठेविला.

प्रथम मासाहेब शुद्धीवर आल्या. एके सकाळीं महालांत गर्जना जाहली कीं ही शेगडी मेली इथें कोणी ठेविली, पोराचा हात गेला असता तर, आणि ती ऐकोन राणीसाहेबांस भरोन आलें. युवराज मात्र तैसेच हंसत राहिले, आणि मैनाबाईसाहेब अन्नावांचून त्यांचे मागें मागें फिरत राहिल्या.

मग दसरा आला. महाराज पोषाख करोन युवराजांस मिरवणुकीस न्यावयास आले, अंगणांत हत्ती झुलत होता, शेजारील राजाचे वकील उभे होते. युवराजांनीं हत्ती पाहिला, ओंठ काढिला, आणि ऐसी आरोळी ठोकिली कीं हत्तीच एक पाऊल मागें सरला. दोन्ही हातीं आईचा पदर गच्च धरिला, सुटतां सुटेना.

महाराज तांबडे जाहले. "आमचा पुत्र हत्तीस भितो?"

"महाराज, हत्ती भिण्याजोगाच आहे," राणीसाहेब म्हणाल्या. "खडा मी थांबविला. शिक्षा करणें तर मला करावी. याचा हात पाहावा, पोळला तरी यानें आखडला नव्हता."

महाराजांनीं तो हात उघडोन पाहिला. व्रण पाहिला. मग मासाहेब बोलिल्या, "आणि भुजंगा, तूं तर बकरीस भीत होतास. पांच वर्षांचा होईतों."

वकिलांनीं शेल्यांत तोंड लपविलें. महाराज कांहीं वेळ मिशांस हात लावीत राहिले, मग त्यांनीं हत्ती दूर नेवविला, आपण मिरवणूक सोडोन जमिनीवर बसले, आणि युवराज आपले आपण जवळ येईपर्यंत हात पसरोन बसोन राहिले. खडा त्याच दिवशीं भट्टींत घालोन राख करविला. फौजेची गोष्ट पुन्हा कोणीं काढिली नाहीं.

येणेंप्रमाणें वर्तमान जाहलें. युवराज थोर जाहले, राज्य केलें, अकरा लढाया मारिल्या. प्रत्येक लढाईस जातां भ्याले, आणि प्रत्येक वेळीं आईकडे परत आले.