फार छान मरणारं अस्वल

मुलांनो, दूर मॅसेडोनियाच्या डोंगरात एक जंगल होतं. कुठल्याही जंगलात असतात तसे त्यात राजा, प्रधान आणि चुगलखोर होतेच. शिवाय तिथे सिनेमे निघत.

सिनेमे सगळे युद्धाचे. चांगले प्राणी डोंगरावर, वाईट प्राणी दरीत, मग गोळीबार. या सिनेमांत तोडोर नावाचं अस्वल काम करी. काम एकच. मरायचं.

पण काय मरायचा! छातीवर पंजा, पाठ झाडाला, आणि हळूहळू घसरत खाली. लांडग्यांनासुद्धा हुंदके फुटत. लांडग्यांनी अस्वलासाठी रडणं ही सोपी गोष्ट नाही.

घरी गेल्यावर बायको वेलिका विचारी, "मेलात का आज?"

"मेलो."

"मग पंजे धुऊन बसा जेवायला."

तोडोरची इच्छा एवढीच होती, की एकदा तरी एखाद्या सिनेमात शेवटपर्यंत जिवंत राहावं. दिग्दर्शक क्रस्ते कोल्हा म्हणे, "तोडोरकाका, जिवंत काय, कोणीही राहतं. तुमची कला वाया घालवू का?"

पुढे त्या मोठ्या जंगलाची लहान लहान जंगलं झाली. झेंडे बदलले, गाणी बदलली. तोडोरचं मरण तेवढं कायम राहिलं. आता गोळी शेजारच्या जंगलातून येई, इतकाच फरक.

त्या मुलखात एक रीत आहे. कोणी गेलं, की त्याचा फोटो आणि नाव छापलेले कागद झाडाझाडांवर चिकटवतात. एका सिनेमात तोडोर नेहमीप्रमाणे मेला, म्हणून कोल्ह्याने तसे कागद लावले. फोटो तोडोरचा, तेव्हा नावही तोडोरचंच छापून टाकलं. शूटिंग संपलं. कागद काढायचं काम सशांनी हरणांवर ढकललं, हरणांनी सशांवर.

जंगलाने कागद वाचले. लगेच शोकसभा भरली. तोडोर धापा टाकत तिथे पोचला.

अध्यक्ष रानडुक्कर डोळे पुसत होतं. "असा नट होणे नाही! त्याला आपण एकदाही नायक केलं नाही, हा आपला करंटेपणा!"

"मग आता करा की!" तोडोर मागून ओरडला. "मी जिवंत आहे!"

सभेत नाराजी पसरली.

"पुरावा काय?" डुकराने विचारलं.

"हा काय, उभा आहे ना!"

"ते दिसतंय. पण कागद झाडावर लागलाय."

कोल्ह्याने त्याला बाजूला घेतलं. "काका, लोक पहिल्यांदाच तुमच्याविषयी इतकं चांगलं बोलतायत. कशाला विरस करता?"

मग कोल्ह्याने 'दिवंगत' तोडोरच्या आयुष्यावर सिनेमा काढला. नायक एक तरणाबांड लांडगा, अंगाला अस्वलाचे केस चिकटवलेला. तोडोरने काम मागितलं. कोल्ह्याने विचार करून दिलंही. शेवटच्या दृश्यातलं प्रेत.

"म्हणजे मी शेवटपर्यंत असेन?"

"अगदी पडदा पडेपर्यंत. फक्त हलायचं नाही."

वेलिका भडकली. "स्वतःच्याच मयताला कामावर जाता? जनाची नाही, मनाची तरी ठेवा!"

तोडोर गेला. शवपेटीत शिस्तीत पडून राहिला. कॅमेरा सुरू झाला. नायकाच्या म्हाताऱ्या आईचं काम करणाऱ्या शेळीने हंबरडा फोडला, "गेला गं, माझा तोडोर गेला!"

इतकी वर्षं सांगितलं तेव्हा मेलेलं ते अस्वल, त्या क्षणी मात्र ताडकन उठून बसलं.

"नाही गेला," ते म्हणालं. "आणि त्याला भूक लागली आहे."

शेळी खरोखरच बेशुद्ध पडली. कोल्ह्याजवळची फिल्म संपली होती, म्हणून सिनेमा तसाच लागला.

दुसऱ्या दिवशी समीक्षक घुबडाने लिहिलं : "चित्रपट हृदयाला भिडतो. प्रेताचं काम मात्र अगदीच सुमार. त्या म्हाताऱ्या नटाला साधं मरतासुद्धा येत नाही. अशा वेळी कैलासवासी तोडोर यांची उणीव फार जाणवते."

तात्पर्य : कलावंताचा गौरव त्याच्या मृत्यूनंतरच करावा. जिवंतपणी केला, तर त्याला जगण्याची चटक लागते आणि कामाचा दर्जा घसरतो.