अर्ध्या प्याल्याची चौकशी

सन १९८७च्या मे महिन्यात, सोव्हिएत राजवटीतल्या फरगाना खोऱ्यात, तोलबुलाक गावी, सरकारी चायखाना क्रमांक सातमध्ये ग्राहकाला चहा अर्धाच मिळतो, ही गंभीर बाब शासनाच्या निदर्शनास आली. गावाला ती पणजोबांच्या वेळेपासून ठाऊक होती. पण शासनाच्या निदर्शनास यायला आधी देशात पुनर्रचना सुरू व्हावी लागली.

निदर्शनास आणणारे होते पुनर्रचना व गतिवाढ आयोगाचे निरीक्षक, मॉस्कोहून आलेले कॉम्रेड गोलुबकोव. माणूस सज्जन, अगदी देवमाणूस म्हणा ना. त्यांनी खिशातून मोजपट्टी काढली, एकामागून एक तीस प्याल्यांत बुडवली आणि चायखान्याचा व्यवस्थापक नियाज-अका ह्याला समोर बोलावलं.

"सरासरी एकेचाळीस टक्के! उरलेला एकोणसाठ टक्के चहा जातो कुठं?"

"किटलीत असतो, कॉम्रेड."

"म्हणजे ग्राहकाला दिला जात नाही!"

"देतो की! प्याला रिकामा झाला की परत ओततो. थोडा थोडा ओतला म्हणजे माणूस बसतो, बोलतो. आमच्याकडं मानाच्या माणसाला थोडाच ओततात. काठोकाठ भरला तर त्याचा अर्थ..." पुढचं पाहुण्याच्या तोंडावर कसं बोलावं म्हणून नियाज-अका जरा चाचरला. "त्याचा अर्थ, झालं तुमचं, आता उठा."

गोलुबकोवनी वहीत लिहिलं, 'पूर्ण माप दिल्यास ग्राहक निघून जाईल, अशी व्यवस्थापकाची निराधार समजूत.'

तिसऱ्या दिवशी आदेश क्रमांक चौदा आला. गावातल्या सर्व चायखान्यांत प्रत्येक प्याल्याला आतून, अगदी काठाखाली लाल रेघ मारावी व चहा रेघेपर्यंत भरावा. कसूर झाल्यास व्यवस्थापकास जबाबदार धरण्यात येईल. नियाज-अकानं जन्मात कधी जबाबदारी अंगाला लावून घेतली नव्हती, त्यामुळं त्यानं मुकाट्यानं रंगाचा डबा आणला.

आता नशीब बघा. रेघा वाळतात न वाळतात तोच चायखान्याच्या दारात मिर्ज़ाकरीम-ओता हजर. ('ओता' म्हणजे बाबा, 'अका' म्हणजे दादा; तिकडं नावापुढं असं मानानं लावतात.) सामुदायिक शेतावरच्या कापूस तुकडीचे निवृत्त प्रमुख, सत्तरी गाठलेले, गावात त्यांच्या शब्दाला फार वजन. नियाज-अकाच्या लेकीचं, मुयस्सरचं लग्न ह्यांच्याच धाकट्या मुलाशी ठरलेलं होतं. वसंतात दोन्ही घरांनी रोटी मोडून सोयरीक पक्की केली होती. तारीख तेवढी राहिली होती, आणि ती ठरवायलाच म्हातारबुवा आज आले होते. पाटाच्या पाण्याकाठच्या खाटेवर मांडी घालून ते ऐसपैस बसले. पलीकडच्या खाटेवर हातात घड्याळ घेऊन गोलुबकोव बसले होते.

नियाज-अकानं प्याला भरला. अगदी लाल रेघेपर्यंत.

ओतांनी प्याल्याकडं पाहिलं. मग नियाज-अकाकडं पाहिलं. मग परत प्याल्याकडं.

"बरं," ते म्हणाले. "समजलं."

"ओता, अहो ऐका तरी, हा आदेश..."

"आदेश? मला उठवायला आता आदेश काढता होय? शाब्बास!" आणि म्हातारबुवा काठी टेकत चालू लागले.

गोलुबकोवनी घड्याळ बघून टिपून घेतलं, 'सेवा कालावधी: एक मिनिट दहा सेकंद. उल्लेखनीय.'

घरी ओयनिसाबाईंनी नवऱ्याचं जे काही केलं ते सगळं इथं लिहिता येणार नाही. "अहो, व्याही होता तो! व्याह्याला भरला प्याला? त्यापेक्षा जोडा का नाही हाणलात? त्याची धूळ निदान पुसून तरी टाकता आली असती!" मुयस्सर नुसती आत गेली. लग्नासाठी आठ गाद्या, बारा रजया शिवून झालेल्या पोरीनं बोलायचं तरी काय? नियाज-अकाला ते ओयनिसाच्या तोंडाच्या पट्ट्यापेक्षा जास्त लागलं.

दुसऱ्या दिवशी तो माफी मागायला ओतांच्या घरी गेला. ओतांनी त्याच्यासाठी प्याला भरला. इतका, की चहा काठावरून बशीत आणि बशीतून चटईवर आला. नियाज-अका आला तसा परत गेला.

इकडं चायखान्याची मात्र भरभराट चालली होती. पूर्वी अकरा म्हातारे सकाळी येत ते दुपारच्या नमाजापर्यंत हलत नसत. (नमाजाचं नाव तेव्हा कुणी घेत नसे. 'पाय मोकळे करायला जातो' म्हणत.) आता एकेक जण चार मिनिटांत अपमानित होऊन उठे, रागारागानं क्रमांक नऊच्या चायखान्यात जाई, तिथंही अपमानित होऊन परत सातमध्ये येई. नोंदवहीत दर वेळी नवा ग्राहक. महिन्याभरात ग्राहकसंख्या एकोणीसपट झाली. जिल्हा वर्तमानपत्रानं पहिल्या पानावर मथळा दिला, 'तोलबुलाकनं वेग घेतला!' खाली नियाज-अकाचा फोटो छापला होता. फोटोत तो रडवेला दिसत होता, पण छपाई वाईट असल्यानं ते चाललं.

मग आदेश जिल्हाभर लागू झाला. मग कचेऱ्यांनाही लागू झाला, कारण त्या वर्षी मोकळेपणाचं धोरण होतं. कुठल्याही नागरिकानं कुठल्याही कचेरीत यावं आणि बेधडक तक्रार मांडावी. नागरिक येई, त्याला मानानं खुर्ची देत, समोर काठोकाठ प्याला ठेवत. नागरिक प्याल्याकडं बघे आणि टोपी घालून निघून जाई. जूनमध्ये जिल्ह्यात एकही तक्रार नोंदली गेली नाही. वर कळवण्यात आलं की जनता समाधानी आहे.

शेवटी नियाज-अका जिल्हा सचिव एर्मातोव ह्यांच्याकडं गेला. मागणी एवढीच की, एका प्याल्यापुरती सूट मिळावी. एकच प्याला अर्धा ओतण्याची लेखी परवानगी, एका व्याह्यासाठी. एर्मातोव गावातलेच, ह्याच चायखान्याच्या खाटांवर रांगलेले. त्यांनी हसून स्वागत केलं आणि नियाज-अकापुढं प्याला ठेवला. काठोकाठ.

नियाज-अका उठला नाही. भरल्या प्याल्यासमोर तो जन्मात पहिल्यांदाच ठाण मांडून बसला. एर्मातोवना घाम फुटला.

"कॉम्रेड सचिव, ह्याचा अर्थ तुम्हाला माहीत आहे."

"शू! हळू! माहीत नसायला काय झालं? घरी माझी आई मला अर्धाच देते."

"मग गोलुबकोवना सांगा की!"

"मी मोकळेपणाच्या पूर्ण बाजूनं आहे हो. पण मोकळेपणानं काय बोलायचं, ह्याच्या सूचना अजून आलेल्या नाहीत." मग प्याल्याकडं आणि न उठणाऱ्या माणसाकडं बघून ते अगदीच अजीजीनं म्हणाले, "शुक्रवारी खुली सभा आहे. तिथं बोला ना! खुली सभा त्यासाठीच तर असते."

वीस वर्षांत खुल्या सभेत कुणी आधी ठरलेल्या यादीबाहेरचं बोललं नव्हतं, म्हणून ते बिनधास्त बोलून गेले.

शुक्रवारी कापूस गिरणीच्या सभागृहात तीनशे बारा माणसं जमली. पहिल्या रांगेत मिर्ज़ाकरीम-ओता, छातीवर पदकं. गोलुबकोवनी आदेशाचे आकडे वाचले आणि नेहमीचा प्रश्न विचारला, "कुणाचा विरोध असेल तर मोकळेपणानं सांगा."

घरातून निघताना दाराआड उभी राहिलेली मुयस्सर नियाज-अकाच्या डोळ्यांपुढून जाईना. तो उभा राहिला.

"माझा आहे. आमच्यात भरला प्याला म्हणजे हाकलणं. इथं बसलेल्या प्रत्येकाला हे दूधपित्या वयापासून ठाऊक आहे. मी मिर्ज़ाकरीम-ओतांना हाकललं नाही. माझी काय बिशाद! मला त्यांना अर्धाच द्यायचा होता, अर्ध्याहून कमी, तळाला एक घोट, आणि संध्याकाळपर्यंत ओतत बसायचं होतं. आदेशाला मी भ्यालो. माझं चुकलं, ओता."

सभागृहात सगळे आपापल्या जोड्यांकडं बघू लागले. गोलुबकोव मात्र टाळ्या वाजवत उठले. ते खरोखरच गहिवरले होते. "ह्याला म्हणतात मोकळेपणा! मला ठाऊकच नव्हतं! मग आपण सभेलाच विचारू. असं असेल तर आदेश मी आत्ता इथं मागे घेतो. ओता, तुम्ही वडीलधारे, तुम्हीच सांगा. हे खरं आहे का?"

ओतांनी एर्मातोवकडं पाहिलं. एर्मातोव छताकडं बघत होते. ओतांनीही छताकडं पाहिलं.

"भरला प्याला," ओता म्हणाले, "आम्हाला फार आवडतो."

हात वर करून मतदान झालं. आदेशाच्या बाजूनं तीनशे अकरा. विरोधात एक.

दुसऱ्या दिवशी सकाळी ओता आपण होऊन नियाज-अकाच्या घरी आले. ओयनिसाबाईंची धांदल विचारू नका. तंदूरमधली रोटी, जर्दाळू, खडीसाखर, आणि प्याल्याच्या तळाला फक्त एक घोट चहा. ओतांनी तो घेतला, प्याला पुढं केला, परत एक घोट. असं सहा वेळा झालं. पडद्याआड मुयस्सर ऐकत उभी होती.

"अपमान मी विसरलो," ओता म्हणाले. "काल माझ्यासाठी उभा राहिलास. माझ्या डोळ्यांत पाणी आलं रे, खरं सांगतो."

"मग तारीख, ओता?"

"तारीख कसली आता? सभेत मनातलं बोलणारा व्याही! उद्या माझ्या पोराकडं लोक कुठल्या नजरेनं बघतील?"

"पण तुमच्याही मनात तेच होतं ना!"

"सगळ्यांच्याच मनात तेच होतं. म्हणून तर बोलायची गरज नव्हती." ओतांनी सातव्यांदा प्याला पुढं केला. "चूक कबूल कर. लेखी दे. मग बघू."

पडद्याआडून एक हुंदका आला. नियाज-अकानं कागद मागवला.

'भरल्या प्याल्याबाबत मी पसरवलेल्या मागासलेल्या समजुतीबद्दल मला खेद आहे,' असं त्यानं लिहिलं. सभेच्या इतिवृत्तात दुरुस्ती झाली. बाजूनं तीनशे बारा, विरोधात कुणी नाही. लग्न पुढच्याच आठवड्यात लागलं. त्या वर्षी लग्नात दारूला बंदी होती, त्यामुळं सगळी मदार चहावर. पाहुण्यांना घोट घोट मिळत होता. गोलुबकोवना मात्र आदेशाप्रमाणं काठोकाठ. त्यांनी सतरा प्याले रिचवले, सगळ्यांत शेवटी उठले आणि इतकं आग्रही आदरातिथ्य आपण कुठं पाहिलं नाही म्हणून सांगून गेले. त्यांना कुणी काही बोललं नाही.

नियाज-अकाला हसू नका. त्याचा हात खाली आला हे खरं, पण त्याआधी तो वर तरी गेला होता. तुम्ही स्वतः मागच्या वेळी ज्या सभेला बसला होतात, आणि जिथला ठराव 'सर्वानुमते मंजूर' झाला, तिथं तुमच्या मनात काय होतं ते मी विचारत नाही. ते सगळ्यांना ठाऊकच होतं. हात कुठं होता, तेवढं सांगा.